आमची वाटचाल: फ्रेमच्या बाहेरचं काम

आमची फर्म शूटिंगसाठी जागा शोधून देते आणि शूट संपेपर्यंत तिथलं प्रॉडक्शन सांभाळते. मी या धंद्यात हरकाम्या म्हणून शिरलो, तेव्हा सगळं फिल्मवर चालायचं. 35 एमएमचा 400 फुटांचा डबा सेकंदाला 24 फ्रेमच्या वेगाने जेमतेम साडेचार मिनिटांत संपायचा. ऐन टेकमध्ये कुणी वाटसरू फ्रेममध्ये आला, की फिल्म फुकट जायची आणि सगळ्या माना प्रॉडक्शनकडे वळायच्या. माणूस कुठे अडवायचा, हे मी तिथे शिकलो.

लोकेशन म्हणजे देखणी जागा, हा समज लवकरच गळून पडला. दिग्दर्शकाला बंगल्याची खिडकी आवडते. मी बघतो, ट्रक गेटातून आत जाईल का, कलाकार कपडे कुठे बदलतील, शेजारी बांधकाम चालू आहे का. सिंक साउंड, म्हणजे शूट करतानाच आवाज टिपणं, आल्यापासून तर रेकीला (शूटआधीच्या जागेच्या पाहणीला) कान आधी लागतात. होकायंत्रही खिशात असतंच. सूर्य तासाला 15 अंश सरकतो, म्हणजे सकाळच्या सीनचं ऊन जेवणानंतर त्या जागी सापडत नाही. शिवाय रेकी उन्हाळ्यात आणि शूट हिवाळ्यात असेल, तर सूर्य खाली आलेला असतो आणि तेच ऊन खोलीत बरंच आतवर घुसतं.

विजेचं गणित वेगळंच. 18 किलोवॅटचा एक एचएमआय दिवा (उन्हासारखा प्रखर प्रकाश देणारा) 230 व्होल्टवर 80 अँपिअरच्या आसपास ओढतो. घरच्या मीटरवर तो लावायचा विचारही करू नये. मग जनरेटर आला. तो जवळ ठेवला तर साउंडवाले ओरडतात, लांब ठेवला तर केबल वाढते आणि व्होल्टेज पडतं. मधली जागा शोधणं हे आमचं काम.

स्वतःची फर्म काढली ती घरमालकांच्या भरवशावर. निर्माते बदलतात, पण एकदा नाराज झालेला मालक दार पुन्हा उघडत नाही. म्हणून युनिट येण्याआधी आम्ही प्रत्येक खोलीचे फोटो काढतो, भिंतीवरच्या जुन्या भेगांसकट. कॅमेऱ्याच्या ट्रॉलीच्या रुळांखाली प्लाय, लाइट स्टँडच्या पायांना टेनिसचे बॉल, आणि रंगीत भिंतीला गॅफर टेप (सेटवरची मजबूत कापडी टेप) थेट लावायची नाही, खाली कागदी टेप हवी. करारात शूटच्या दिवसांइतकेच सेट उभारायचे आणि मोडायचे दिवसही लिहून घेतो. आवराआवरीचा दिवस कापायला निर्माता नेहमीच उत्सुक असतो; तिथे मी ऐकत नाही. शेजाऱ्यांशी आधी बोलून ठेवतो. त्यांचा प्रश्न एकच, ‘कधी संपणार?’ आणि त्याचं खरं उत्तर सेटवर कुणाकडेच नसतं.

डिजिटल आलं, डब्याची धास्ती गेली, टेक वाढले. दिवस लांबले, हे ओघानं आलंच.

2020 मध्ये शूटिंग बंद पडली तेव्हा आम्ही जुने फोटो काढून बसलो. प्रत्येक जागेपुढे दिशा, आवाज, वीज आणि गेटची रुंदी लिहिली. आज आमच्याकडची सगळ्यात कामाची वस्तू तीच यादी आहे. नवीन मुलं रेकीहून सुंदर व्हिडिओ पाठवतात. मी त्यांना आधी रस्त्याचा आणि टॉयलेटचा फोटो मागतो.