नोबिताची डुलकी

नोबिताला झोप लागायला ०.९३ सेकंद पुरतात. बसायची उशी दुमडून डोक्याखाली घेतली की पोरगं गार. माझी भाची तिसरीत आहे. टीव्हीवरच्या ‘डोरेमॉन’ या जपानी कार्टूनमधला, हिंदीत बोलणारा हा नोबिता बघताना तिने एकदा विचारलं, ‘‘मामा, याला कुणी ओरडत कसं नाही?’’ ओरडतात की! आई ओरडते, गुरुजी ओरडतात, दांडगट जियान तर बदडतो. शून्य मार्कांचे पेपर लपवण्यात याचा निम्मा दिवस जातो. तीन गोष्टींत मात्र त्याचा हात कुणी धरणार नाही: झोप, नेमबाजी आणि बोटांत दोरा गुंफून नक्ष्या काढायचा आयातोरीचा खेळ. प्रगतिपुस्तकात यांतल्या एकाचाही रकाना नसतो.

गोष्टीनुसार नोबिताचा जन्म १९६४चा. त्याच वर्षी तोक्योत ऑलिंपिक झालं, ताशी २००हून जास्त किलोमीटर वेगाची शिनकान्सेन ही बुलेट ट्रेन सुरू झाली. सगळा देश असा भरधाव सुटलेला असताना हिरोशी फुजिमोतो, म्हणजे फुजिको एफ. फुजिओ, यांनी १९६९च्या अखेरीस मुलांच्या मासिकांत नायक म्हणून आणला तो हा लोळणारा!

बरं, बाविसाव्या शतकातलं डोरेमॉन नावाचं यंत्रमांजर मदतीला येऊनही हा सुधारत नाही. पाठांतराच्या पावाचंच बघा. पाव वहीवर दाबायचा, अक्षरं उमटली की खायचा, सगळं तोंडपाठ. नोबिताने इतका हादडला की पोट बिघडलं आणि केलेला अभ्यास संडासात वाहून गेला. (माझा अभ्यास पावाशिवायच जायचा.)

दुसऱ्या जपानी कार्टूनमधला शिनचॅन मला तितका भावत नाही. तो १९९०मध्ये मोठ्यांच्या साप्ताहिकात जन्मला आणि त्याचा वात्रटपणाही मोठ्यांची फजिती व्हावी म्हणूनच आहे. पाच वर्षांचा असून तो कुणाच्या बापाला घाबरत नाही. नोबिता घाबरतो. मला जवळचा वाटतो तो त्यामुळेच.

एका गोष्टीत डोरेमॉनला भविष्यात परत जायचं असतं. नोबिताचं कसं होणार, ही काळजी त्याला सोडवेना. त्या रात्री नोबिता एकटाच जियानशी भिडतो. मार खातो, पडतो, पुन्हा त्याच्या पायाला लोंबकळतो. शेवटी जियानच कंटाळून हार मानतो. सुजलेल्या तोंडाने नोबिता सांगतो, मी एकट्याने जिंकलो, आता तू निश्चिंत जा. इथे भाचीही गप्प झाली आणि मामाही.

पुढच्या गोष्टीत डोरेमॉन परत येतो. त्यानंतर नोबिता पुन्हा शून्यावर. हुश्श.