दगडांनी भरलेला डबा

नाटक वाचायचं कसं हे मला आपल्या शाळेत कळलं, आणि तेही अभ्यासक्रमात नसलेल्या नाटकावरून. शनिवारची सकाळची शाळा सुटली की मराठीच्या बाई आम्हा काही मुलामुलींना ग्रंथालयाच्या खोलीत थांबवून घेत. मार्चमधलं नागपूरचं ऊन, वर करकरणारा पंखा आणि बाईंच्या हातात महेश एलकुंचवारांचं ‘वाडा चिरेबंदी’. १९८५ मध्ये विजया मेहतांनी ते रंगमंचावर आणलं होतं. पण लेखक आपल्या नागपुरातलेच, इथल्याच महाविद्यालयात इंग्रजी शिकवणारे, हे ऐकून आम्ही जरा ताठ बसलो. नाटक म्हणजे मुंबई-पुण्याची गोष्ट, अशी आमची तोवरची समजूत. इथे तर धरणगाव होतं, वऱ्हाडातलं देशपांड्यांचं घर होतं आणि आमच्या आज्या बोलत तसं बोलणारी माणसं होती. वाचताना कोणी उगाच शुद्ध बोलायला लागलं की बाई थांबवत. “घरी बोलतोस तसं वाच,” म्हणत.

गोष्ट थोडक्यात अशी. तात्याजी वारले आहेत. तेरा दिवसांसाठी त्यांचा मुंबईचा मुलगा सुधीर बायकोला, अंजलीला, घेऊन आला आहे. थोरला भास्कर आणि वहिनी वाड्यातच राहून कारभार पाहतात. बहीण प्रभा शिकायचं राहून गेल्याने आतल्या आत जळते आहे. धाकटा चंदू घरातलं पडेल ते काम उपसतो. म्हातारी दादी आपला मुलगा गेला हे न उमगता सारखी वेळ विचारत राहते. शेत आटलेलं, हातात पैसा नाही, आणि तरी तेरावं मात्र देशपांड्यांच्या इतमामाला शोभेल असं व्हायला हवं.

या नाटकात प्रतीकं पुष्कळ आहेत असं सगळेच सांगतात. अंगणात गंजत पडलेला ट्रॅक्टर, सोनं, खुद्द वाडा. आमच्यातल्या एकाने वहीत लिहिलं होतं, ‘ट्रॅक्टर हे जमीनदारीच्या ऱ्हासाचे प्रतीक आहे.’ बाईंनी ते मोठ्याने वाचलं आणि विचारलं, “मग चंदूच्या पायाला लागलं ते कशाने? प्रतीकाने?” वर्ग गप्प झाला. त्या म्हणाल्या, आधी तो ट्रॅक्टर आहे. हौसेने आणलेला, बंद पडलेला, येता-जाता ज्याला ठेच लागते असा. कोणी दुरुस्त करत नाही, कोणी विकत नाही, आणि जखम होते ती जो सगळ्यांची कामं करतो त्याला. एवढं नीट दिसलं की मग ऱ्हास हा शब्द वापरा, नाहीतर वापरू नका.

आज इतक्या वर्षांनी मला वाटतं, नाटकाबद्दल याहून खरं मी पुढे कुठेही ऐकलं नाही. मी महाविद्यालयात मराठी घेतलं, समीक्षेची पुस्तकं वाचली, पण वस्तूला आधी वस्तू म्हणून मान द्यायचा, हे आपल्या ग्रंथालयाच्या खोलीतच शिकले.

सोन्याचा प्रवेश आम्ही कितीतरी शनिवार वाचला. रात्री भास्कर आणि वहिनी दागिन्यांची पेटी उघडतात आणि वहिनी घराण्याचं सोनं अंगावर चढवते. वहिनी मी वाचत होते. पेटी म्हणून बिस्किटांचा पत्र्याचा डबा घेतला होता. मी तो सहज एका हाताने उचलला. बाईंनी डबा काढून घेतला आणि मुलांना मैदानातून दगड भरून आणायला पाठवलं. दुसऱ्यांदा उचलला तेव्हा दोन्ही हात लागले, खांदे वाकले आणि वाक्य आपोआप हळू आलं. “आता बोल,” बाई म्हणाल्या. त्यांनी आम्हाला घरच्या बायकांच्या अंगावर पाहिलेल्या दागिन्यांची नावं सांगायला लावली: गोठ, पाटल्या, वाकी, ठुशी, पुतळ्यांची माळ. मग म्हणाल्या, हे सगळं एकाच बाईने एकाच वेळी घातलं तर ती सुखी दिसेल की जखडलेली? मला दोन्ही वाटलं, आणि अजूनही दोन्हीच वाटतं. जन्मभर चुलीपुढे राबलेल्या बाईला त्या एका रात्री आपण या घराण्याच्या थोरल्या सूनबाई असल्याचं अंगभर जाणवतं. तो आनंद खरा आहे. त्याला लोभ म्हणून मोकळं होणं हा वहिनीवर अन्याय आहे.

मग बाईंनी फळ्यावर एकेकाचं नाव लिहिलं आणि विचारलं, सोनं म्हणजे याच्यासाठी काय? प्रभासाठी राहिलेलं शिक्षण. भास्करसाठी थोरलेपण, म्हणजे वडिलांमागे हातात उरलेली एकमेव सत्ता. सुधीरसाठी वाटा, आणि तो मागायची लाज. भास्करच्या मुलीसाठी, रंजूसाठी, सिनेमातली मुंबई. ती शिकवणीच्या मास्तराबरोबर पळून जाते तेव्हा सोनंही जातं. सुधीर तिला शोधून परत आणतो, सोनं मात्र येत नाही. एकाच पेटीवर घरातल्या प्रत्येकाने मनात काहीतरी बांधलेलं होतं, आणि ते सगळं एका रात्रीत कोसळतं. शोकांतिकेसाठी राजा मरावा लागतो असं आम्हाला वाटायचं. इथे एक पेटी रिकामी होते तेवढ्याने काळजात धस्स होतं.

या भांडणात खलनायक कोणीच नाही. भास्करचा मला राग यायचा, पण वाडा सोडून तो जाणार कुठे? आमच्या घरचीच गोष्ट होती ती. १९५८ चा विदर्भासाठीचा कूळकायदा आणि १९६१ चा कमाल जमीनधारणेचा कायदा आल्यावर आमच्या आजोबांची वावरं कमी झाली. कसणाऱ्याला जमीन मिळाली हे योग्यच झालं. पण ज्यांना हाताने काही करायची सवय नव्हती त्या घरांत थोरल्याने मागे राहून नाव सांभाळायचं आणि धाकट्याने शहरात जाऊन मनिऑर्डर पाठवायची, अशी वाटणी झाली. दोघांनाही वाटत राहिलं की दुसरा मजेत आहे. माझे वडील आणि काका याच एका गोष्टीवरून वर्षानुवर्षं एकमेकांशी तुटक बोलत. आजोबांच्या वर्षश्राद्धाला किती पानं वाढायची यावरून झालेला वाद मी दाराआडून ऐकला होता. तेराव्याच्या खर्चासाठी वाड्याचा भाग विकायची बोलणी वाचली तेव्हा मला कोणी काही समजावून सांगावं लागलं नाही.

पुढे हीच गोष्ट ‘मग्न तळ्याकाठी’ आणि ‘युगान्त’पर्यंत गेली. १९९४ मध्ये चंद्रकांत कुलकर्णींनी ‘आविष्कार’ या नाट्यसंस्थेसाठी तिन्ही नाटकं सलग उभी केली. ‘युगान्त’ला साहित्य अकादमी पुरस्कारही मिळाला. त्यात धरणगावाभोवती दुष्काळ पसरलेला आहे. थोर नाटक आहे, पण माझा जीव पहिल्या वाड्यातच अडकला आहे. नागपूरच्या महाल भागातले जुने वाडे पाडून तिथे इमारती उभ्या राहताना पाहते तेव्हा मला लाकडी खांबांपेक्षा आतल्या प्रभा आणि चंदूंची आठवण होते. त्यांचा हिशेब कोणी केला असेल का?

शाळेच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त या तिन्ही नाटकांचा संच मी ग्रंथालयाला दिला आहे. नववी-दहावीच्या मुलांनी तो कपाटात ठेवू नये, आवाज लावून वाचावा. आणि चंदूचं काम, बाईंनी दिलं होतं तसं, वर्गात सगळ्यात जास्त बोलणाऱ्या मुलाला द्यावं. घरात सगळे भांडत असताना काम करत गप्प राहणं किती अवघड असतं, ते त्यालाच लवकर कळतं.