हीराबाईंची तबकडी: सा सापडला

मंडळी, काल रात्री जुन्या तबकडीवरच्या गायिका हीराबाई बडोदेकरांचा सा, म्हणजे त्यांची गाण्याची पट्टी, सापडला. काळी चार!

शहागंजातून आणलेली त्यांची १० इंची नाट्यपदाची तबकडी मागच्या वेळी धुऊन झाली होती. (स्पिरिट लावा असं कुणी सांगितलं तर ऐकू नका. लाखेची तबकडी आहे, स्पिरिटमध्ये लाख विरघळते.) ७८ची (मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या तबकड्यांची) जाड सुई लावल्यावर खरखरही पुष्कळ उतरली. पण साथीची पेटी (हार्मोनियम) काळी चार आणि पांढरी सहा या शेजारशेजारच्या पट्ट्यांच्या बरोबर मधे बोलत होती. पेटीला मधला सूर कुठून येणार? म्हणजे वेग चुकतोय. कोणत्या बाजूनं, एवढाच प्रश्न, आणि त्यात तीन आठवडे गेले. वेग तीन टक्के उतरवला की काळी चार, तेवढाच चढवला की पांढरी सहा, आणि दोन्ही खरे वाटतात. हीराबाईंचा गळा मुळात नाजूक, गोड. वेग चढला की तो आणखी गोड लागतो आणि कान भुलतो. माझा कल पांढरी सहाकडेच होता. त्यांच्या उतारवयातल्या गाण्यांशी ताडून उपयोग नाही, वयाबरोबर पट्टी उतरते.

टर्नटेबलचा वेग तपासायची ७७ रेघांची स्ट्रोब चकती घरात होतीच. आपल्या ५० हर्ट्झच्या विजेवर सेकंदाला शंभरदा लुकलुकणाऱ्या दिव्याखाली मिनिटाला ७७.९२ फेरे झाले की रेघा जागच्या जागी थांबतात. पण माझ्या एलईडीखाली त्या कधी दिसल्याच नाहीत, कारण तो दिवा लुकलुकतच नाही. काल लाइट घालवून झोपायला निघालो आणि जुन्या एक्स्टेन्शन बोर्डाचा लाल इंडिकेटर दिसला. निऑनचा, म्हणजे विजेबरोबर लुकलुकणारा! तो चकतीला भिडवला तर रेघा पुढे पळतायत, सेकंदाला तीन. सेकंदाला शंभर लुकलुकी, त्यात तीन रेघा जास्त, म्हणजे तीन टक्के. टर्नटेबल ८०च्या वर धावत होतं, आणि विकणाऱ्यानं ‘७८ला लावूनच दिलंय’ असं छातीठोक सांगितलं होतं. नवं यंत्र चकतीवर तपासल्याशिवाय वापरू नका.

वेग उतरवला, रेघा थांबल्या, पेटी काळी चारवर येऊन बसली. तानेचा दाणा न् दाणा वेगळा. पुरुष नट स्त्रीभूमिका गाजवत होते त्या काळात ही मिरजेत जन्मलेली बाई भावंडांना घेऊन नाटक मंडळी काढते, स्वतः रंगमंचावर उभी राहून गाते. तिचा आवाज तीन टक्के खोटा कसा जपायचा?

आज दोन्ही बाजू संगणकावर उतरवणार होतो. पण लिहिता लिहिता वाटलं, थांबावं. त्या काळी प्रत्येक तबकडी नेमकी ७८लाच भरलेली नसायची, आणि सगळ्या पेट्यांची जुळणीही एकसारखी नसे. मागच्या बाजूची पेटीही ७८ला नेमक्या पट्टीवर बसली तर मी निर्धास्त. आता ती रात्रीच लावीन, दिवसा वरची पत्र्याची खोली फार तापते.