कऱ्हेची वारी

नीरास्नानाला जेवढी गर्दी आणि जेवढे कॅमेरे, त्यांच्या पासंगालाही बिचारी कऱ्हा पुरत नाही. माउलींच्या पालखीबरोबर चालताना सासवडला दोन रात्री मुक्काम पडतो तो तिच्याच काठच्या गावात, पण दिंडीतल्या निम्म्यांना नदीचं नाव विचारा, सांगता यायचं नाही.

त्यांचा तरी काय दोष म्हणा! एकादशीचा उपास, पुण्यापासूनची लांबलचक चाल आणि वर दिवेघाट. तळावर टेकल्यावर माणूस आधी पाय चोळतो, नदी नंतर. मीही दुसऱ्या दिवशी सकाळीच गेलो. संगमेश्वराच्या दगडी पायऱ्यांवर धोतरं-लुगडी वाळत पडली होती. इथे चांबळी कऱ्हेला मिळते. पात्रात खडकांमध्ये साचलेली डबकी, कडेला शेवाळ. कपडे धुतले होते टँकरच्या पाण्यात.

सिंहगडाच्या दक्षिणेच्या डोंगरांत, गराड्याच्या अंगाला ही उगवते. सह्याद्री पाठीशी असून नशिबी पर्जन्यछाया. ज्वारी-बाजरी, अंजीर, सीताफळ यांच्यावर पुरंदरनं दिवस काढले. पुण्याचं वापरलेलं पाणी उचलून या तालुक्यात आणणारी उपसा योजना झाली ती याच कोरडेपणापायी. आचार्य अत्रे शेजारच्या कोडीतचे. त्यांनी आत्मचरित्राला कऱ्हेचं नाव दिलं, म्हणून वाचणाऱ्यांना तरी ती ठाऊक.

सोपानकाकांची समाधी इथलीच. माउली सासवडला असतानाच धाकट्या भावाची पालखी पंढरीला निघते. त्या दुपारी देवळाबाहेर एवढी रेटारेटी होती की टाळ वाजवायलाही हात वर करावे लागत होते.

पुढे जेजुरी. सोमवती अमावास्येला खंडोबा पालखीतून स्नानाला येतो तोही कऱ्हेवरच. जवळच नाझरे धरण आहे. एरवी त्याच्या तळाला भेगा दिसायच्या, पण 2019 च्या सप्टेंबरात एका रात्रीच्या पावसानं नदी अशी फुगली की थेट बारामतीत लोकांना घरं सोडावी लागली.

रात्री राहुटीत हे सगळं चाललं असताना परभणीकडच्या एका आजींनी विचारलं, "अन् ही जाती कुठं?"

मी जमिनीवर बोटानं रेघ ओढली. जेजुरीवरून मोरगावच्या मयूरेश्वराला, तिथून बारामतीला, सोनगावजवळ नीरेत. नीरा नरसिंहपूरला भीमेत, आणि भीमा पंढरपुरात.

"मंजी ती बी वारीलाच चाललीय की!"

"पण आजी, माउलींच्या पादुकांना नीरेत स्नान होतं ते वरच्या अंगाला. कऱ्हा तिथपर्यंत पोचलेलीच नसते. तुकोबांच्या पादुकांना सराटीला स्नान घालतात ते संगमाच्या खाली. पाऊस झाला असेल तर कऱ्हेचं पाणी मिळतं ते तुकोबांना."

आमचे विणेकरी आडवे पडून ऐकत होते. ते म्हणाले, "तुकोबांकडं गेलं ना? मग घरातच राहिलं. आता झोपा, काकड्याला उठायचंय."