इलियड मुळातून वाचताना अडलेलं द्विवचन

इलियड, म्हणजे ट्रॉयच्या युद्धावरचं होमरचं प्राचीन महाकाव्य, ग्रीकमधून वाचायला घेतलं तेव्हा शिकवणारं जवळ कुणी नव्हतं, पण हाताशी संस्कृत होतं. कॉलेजात किंवा नुसत्या आवडीपोटी ज्यांनी धातुरूपांशी झटापट केली आहे, अशा वाचकांसाठी हे लिहितेय. होमर त्यांच्या आवाक्यात आहे, आणि त्यांना ते कुणी सांगत नाही याची मला खंत वाटते.

लिपी लवकर बसते. थीटा, फाय आणि खाय ही अक्षरं प्राचीन उच्चारात चक्क थ, फ आणि ख होती. इंग्रजी विद्यार्थ्याला हे महाप्राण मुद्दाम घोटावे लागतात, आपल्याला ते लहानपणापासून येतात. शब्दांच्या डोक्यावरची चिन्हं म्हणजे उंच-सखल सूर, वेदपाठात उदात्त असतो त्या जातीचे. संस्कृत ‘पिता’ आणि ग्रीक ‘पतेर’ या दोन्हींत उदात्त शेवटच्याच अक्षरावर येतो हे दिसलं, तेव्हा मी पुस्तक मिटून थोडा वेळ नुसती बसले होते.

पुस्तक निवडलं ते क्लाइड फार यांचं, 1920 सालचं. बहुतेक पाठ्यपुस्तकं आधी अथेन्सचं गद्य शिकवतात आणि होमर पुढे कधीतरी. फार यांनी हा क्रम उलटा केला. पहिले काही धडे संपले, की थेट इलियडच्या पहिल्या सर्गाची पहिली ओळ समोर येते आणि मग तोच सर्ग थोडा थोडा वाचत व्याकरण शिकायचं. पुस्तक जुनं असल्यामुळे इंटरनेटवर फुकट मिळतं. मला हाच रस्ता योग्य वाटतो. ज्याच्यासाठी भाषा शिकायची तो कवी पहिल्याच महिन्यांत भेटला, तर क्रियापदांचं रान तुडवायचं बळ टिकतं.

आणि रान आहेच. विभक्त्या पाचच, म्हणून आनंद होतो. मग कळतं की षष्ठी पंचमीचंही काम करते आणि चतुर्थी तृतीया-सप्तमीचंही. आत्मनेपद आहे, विधिलिङ् आहे, लुङ् तर ओळीओळीला आहे. भूतकाळात धातूच्या आधी ‘अ’ लागतो तसा इथे ‘ए’ लागतो, आणि वेदात तो ‘अ’ पुष्कळदा गळतो तसा होमरमध्ये हा ‘ए’सुद्धा गळतो. षष्ठीचा ‘-ओइओ’ हा प्रत्यय म्हणजे आपल्या ‘-अस्य’चा सख्खा भाऊ. छोट्या अव्ययांनी मात्र मला फार दमवलं. मेन, दे, गे, आरा: प्रत्येक ओळीत दोन-तीन, आणि अर्थ संदर्भाने ठरणार. ती पाठ करून येत नाहीत, पुन्हा पुन्हा वाचूनच अंगवळणी पडतात.

वृत्ताचं नाव हेक्झामीटर. इंग्रजी पुस्तकांत त्यावर पानंच्या पानं असतात, पण लघु-गुरू माहीत असणाऱ्याला थोडक्यात सांगता येतं. ओळीत सहा गट. पहिल्या पाचांत प्रत्येकी एक भगण किंवा त्याच्या जागी दोन गुरू, पाचवा बहुतेक वेळा भगणच. शेवटच्या गटात दोनच अक्षरं. यती साधारण तिसऱ्या गटाच्या आत. वाचताना मोठ्याने म्हणायचं, हे मी कटाक्षाने पाळलं. ओठांवर चाल बसली की पुढचा शब्द कुठल्या मापाचा येणार हे कान सांगू लागतो.

पर्सियस या टफ्ट्स विद्यापीठाच्या संकेतस्थळावर कुठल्याही शब्दावर टिचकी मारली की रूप आणि अर्थ पुढ्यात येतात. सोय मोठी आहे, पण अर्थ आयता मिळाला की तो मनात राहत नाही. म्हणून मी आधी वहीत स्वतःचा अंदाज लिहायचे, मग ओटेनरीथचा होमरपुरता कोश उघडायचे आणि अगदीच अडलं तर पर्सियस. वेग गोगलगायीचा होता. पण पहिल्या सर्गाच्या 611 ओळी अशा वाचल्या, की त्यांतल्या कितीतरी पाठच होऊन गेल्या. त्याचं मोल मला नवव्या सर्गात कळलं.

पहिल्या सर्गात ग्रीकांचा सेनापती अगामेम्नॉन आपले दोन दूत ब्रायसिसला, म्हणजे अकिलीस या सर्वश्रेष्ठ योद्ध्याच्या वाट्याला आलेल्या बंदिनीला, आणायला त्याच्या तंबूकडे पाठवतो. त्या अपमानाने अकिलीस लढायचं थांबवतो. ओळ 327: ‘तो द अएकोन्ते बतेन परा थीन हलोस अत्रुगेतोइओ’. ते दोघं, मनाविरुद्ध, समुद्राच्या कडेने निघाले. ‘बतेन’मधला ‘-तेन’ म्हणजे ‘अगाताम्’मधला ‘-ताम्’. द्विवचन! ते मराठीत नाही, इंग्रजीतही नाही. संस्कृतात दोघांसाठी ते सक्तीचं असतं, होमरमध्ये ऐच्छिक. त्याच दोन दूतांना अकिलीस काही ओळींनंतर ‘खाइरेते’ असं साध्या बहुवचनात म्हणतो. म्हणजे दोघांना अनेकवचन चालतं. तिघांना द्विवचन मात्र चालायला नको.

नवव्या सर्गात ग्रीक सैन्य हरायला आलेलं असतं. अकिलीसची समजूत घालायला कुणाला पाठवायचं ते वृद्ध राजा नेस्टर सांगतो: आधी अकिलीसला लहानपणी सांभाळणाऱ्या फिनिक्सने पुढे व्हावं, मग थोरला एजॅक्स आणि ओडिसियस हे योद्धे, सोबत दोन दूत. एकूण पाच माणसं, त्यांत बोलणारे तिघं. आणि ओळ 182 येते: ‘तो दे बतेन परा थीन पोलुफ्लोइस्बोइओ थलस्सेस’. ते दोघं गर्जणाऱ्या समुद्राच्या कडेने निघाले.

मी वहीत तीनदा नावं मोजली. पुढे 192 व्या ओळीत पुन्हा ‘तो दे बतेन’. 197 व्या ओळीत तर खुद्द अकिलीस त्यांचं स्वागत द्विवचनात करतो, ‘खाइरेतोन’. माझ्याकडच्या इंग्रजी भाषांतरांत यातलं काहीही नव्हतं. तिथे सगळीकडे नुसतं ‘ते’, सपाट आणि गुळगुळीत.

भाष्यांकडे वळले तेव्हा कळलं की या ‘दोघां’वरून दोन हजारांहून अधिक वर्षं वाद चालू आहे. अलेक्झांड्रियाच्या ग्रंथालयातल्या झेनोडोटसच्या मते होमर द्विवचन आणि अनेकवचन एकमेकांच्या जागी वापरतो. तिथल्याच, पण नंतरच्या अरिस्टार्कसला ते साफ नामंजूर. त्याच्या परंपरेचा खुलासा असा की फिनिक्स आधीच पुढे निघून गेला, मागून चालणारे दोघं म्हणजे एजॅक्स आणि ओडिसियस. 1795 साली फ्रीडरिख आउगुस्ट वोल्फने होमरच्या एकसंधपणावर प्रश्न उभा केला आणि त्यानंतरच्या जर्मन पंडितांना इथे सांधा दिसला: जुन्या काव्यात दोनच शिष्टाई करणारे होते, फिनिक्स नंतर घातला गेला, क्रियापदं तशीच राहिली. विसाव्या शतकात आणखी एक वाचन आलं, की अकिलीस मुद्दाम ओडिसियसला वगळून उरलेल्या दोघांचंच स्वागत करतो.

हे सगळं वाचताना मला भांडारकर संस्थेची महाभारताची चिकित्सक आवृत्ती आठवत होती. 1919 ते 1966 चाललेलं ते काम. 1933 साली पुरा झालेल्या आदिपर्वाच्या प्रस्तावनेत वि. स. सुकथनकरांनी पाठ निवडण्याची तत्त्वं मांडली आहेत. ती पद्धत युरोपात ग्रीक-लॅटिन ग्रंथांवर घडलेली, सुकथनकरांनी ती जर्मनीत शिकून महाभारताच्या स्वभावाला मुरड घालून वापरली. त्यातलं एक सूत्र असं, की अवघड पाठ सहसा जुना असतो, कारण लेखनिक अवघडाचं सोपं करतो, सोप्याचं अवघड करत नाही. इलियडच्या लेखनिकांनी हे टोचणारं द्विवचन पिढ्यान्‌पिढ्या तसंच उतरवलं. व्हेनिसच्या मार्चियाना ग्रंथालयातली दहाव्या शतकातली व्हेनेटस ए ही पोथी आता इंटरनेटवर पाहता येते. मधे काव्य, भोवती समासांत बारीक अक्षरात अलेक्झांड्रियाच्या वादांचे अवशेष. पुण्यात पोथ्या पाहिलेल्या माणसाला ते पान परकं वाटत नाही.

मला स्वतःला मिल्मन पॅरी या अमेरिकन अभ्यासकाच्या वाटेने जाणारा खुलासा सगळ्यात पटतो. पॅरीने 1933 ते 1935 मध्ये युगोस्लाव्हियात मौखिक गायकांची ध्वनिमुद्रणं केली. असे गायक साचेबंद ओळींवर आपलं काव्य उभं करतात. ‘तो दे बतेन परा थीन’ हा असाच साचा, अकिलीसकडे निघालेल्या दूतांचा. पण तो इथे नुसत्या सवयीने आला असं मी म्हणणार नाही. पहिल्या सर्गातले ते दोघं ब्रायसिसला घेऊन गेले होते, आता ही माणसं तिला परत द्यायचं वचन घेऊन येताहेत. तोच किनारा, तीच चाल. पहिला सर्ग तोंडपाठ असलेल्या श्रोत्याला ते ऐकू आलं असणारच.

कवी माणसं मोजायला विसरला, हे मात्र मी मानत नाही. ओळ 223 पाहा. जेवण उरकल्यावर एजॅक्स फिनिक्सला मानेने खूण करतो, ओडिसियसच्या ते लक्षात येतं, आणि तो पेला भरून स्वतःच बोलायला लागतो. तिघंही एका ओळीत, आपापल्या स्वभावासकट. फिनिक्सची पाळी येते ती 434 व्या ओळीवर, आणि सर्गातलं सगळ्यात लांब भाषण, जवळजवळ 170 ओळींचं, त्याच्याच वाट्याला आहे.