केकच्या मैद्याचा दिवा

मी इंग्लंडमधल्या एका विद्यापीठात हिंदू चॅप्लेन आहे, म्हणजे विद्यार्थ्यांच्या अडीअडचणीला आणि धर्मकार्याला असणारी व्यक्ती. पुण्यातल्या मावशीला हे पहिल्यांदा सांगितलं तेव्हा ती म्हणाली, "अगंबाई, पाद्रीण झालीस?" तिला समजावायचं मी सोडून दिलंय. इथे चॅप्लेन आता नुसते ख्रिस्ती राहिलेले नाहीत. मुस्लिम, ज्यू, शीख, कुठलाच देव न मानणारेसुद्धा आहेत. पगार असतो तो बहुतेक ठिकाणी अँग्लिकन, म्हणजे चर्च ऑफ इंग्लंडच्या मंडळींना. आमच्यासारख्यांना बसभाडं आणि गळ्यात अडकवायचं कार्ड. पौरोहित्य मी ज्ञानप्रबोधिनीत शिकले, पण इथे माझ्याकडे मुलं येतात ती घरभाडं, रूममेट, नापास झालेला पेपर आणि घरी सांगता न येणारं प्रेम घेऊन. मंत्र म्हणायची वेळ वर्षातून दोनदा, दिवाळीला आणि गणपतीत.

मे महिन्यातली गोष्ट. रात्री साडेनऊला सिक्युरिटीचा फोन आला: हॉस्टेलच्या जिन्यात एक मुलगा बसलाय, उठत नाही. लातूरकडचा, एमएस्सीला आलेला. वडील शेतातून आले, छातीत कळ आली, तालुक्याला नेईपर्यंत संपलं होतं. गावाकडे तेव्हा रात्रीचे दोन वाजले होते आणि माती सकाळी दहाला. मे महिन्यातली लातूरची उष्णता, देह ठेवणार किती वेळ? विमान मिळालं असतं तरी हैदराबादला उतरून पुढे गावापर्यंत पोचायला दुसरी रात्र झाली असती. शिवाय आईने फोनवर बजावलं होतं, परीक्षा देऊनच ये. कर्जासाठी जमीन गहाण होती.

मला बघून त्याने पहिलं वाक्य उच्चारलं ते असं: "गुरुजी नाहीत का कोणी?"

"मीच," म्हटलं.

तो काही बोलला नाही. मीही नाही. चॅप्लेन्सीत, म्हणजे आम्हा चॅप्लेन लोकांच्या जागेत, नेऊन त्याला चहा दिला, तो त्याने प्यायला नाही. बाराच्या सुमाराला म्हणाला, "दिवा लावायचाय." गावी घरात आई लावणारच होती, त्याला त्याच्या हातचा हवा होता.

आता इथे दिवा लावणं म्हणजे काय ते सांगते. दिवाळीतल्या पाच पणत्यांसाठी मला दोन आठवडे आधी अर्ज द्यावा लागतो, कारण खोलीत स्मोक डिटेक्टर आहे आणि तो वाजला तर अख्खी इमारत रस्त्यावर. मध्यरात्री मी सिक्युरिटीला फोन केला. ड्यूटीवरच्या माणसाने कारण ऐकलं आणि एवढंच विचारलं, "किती वाजेपर्यंत?" सकाळी सातपर्यंत त्या खोलीपुरती यंत्रणा बंद करून, हातात अग्निशामक घेऊन तो स्वतः दाराबाहेर खुर्ची टाकून बसला.

स्वयंपाकघरात कणीक नव्हती. होता तो केकचा मैदा, बेकिंग पावडर घातलेला. तो मळला तर बोटांना चिकटून राहिला, पणती काही उभी राहीना. तेव्हा तो मुलगा उठला, माझ्या हातातून गोळा घेतला, कोरडा मैदा लावून दोन अंगठ्यांनी दाबत नीट पणती केली. वात प्रथमोपचाराच्या डब्यातल्या कापसाची, तेल सूर्यफुलाचं. दक्षिण कुठली? आमची प्रार्थनेची खोली सगळ्यांची मिळून आहे. भिंतीवर किब्ल्याचा, म्हणजे नमाजाच्या दिशेचा बाण लावलाय. मक्का इथून आग्नेयेला, त्यावरून दक्षिण काढली.

मग अग्नी कोण देणार हा प्रश्न आला. तो एकुलता एक मुलगा, मोठी बहीण घरीच होती. "ताईनं द्यावा," तो म्हणाला, "काका ऐकत नाहीत. तुम्ही सांगा की, तुम्ही गुरुजी आहात." मला आनंदच झाला म्हणा ना. ज्यासाठी शिकले तो विषय समोर आला होता. काकांना सगळं समजावलं: बायकांनी अग्नी देण्यात शास्त्राची आडकाठी नाही, पुण्यात किती मुली देतात. काकांनी शांतपणे ऐकून घेतलं. "ताई, तुम्ही शिकलेल्या," ते म्हणाले. "पर आमाला गावात ऱ्हायचंय. बायका कुठं अग्नी देत असतेत का?" आणि फोन ठेवला. चुलतभावाचं नाव ठरलं.

पाच वाजता अँग्लिकन चॅप्लेन दूध घेऊन आली. हिच्या चर्चमध्ये स्त्रियांना पुरोहिताची दीक्षा पहिल्यांदा मिळाली ती १९९४ च्या मार्चमध्ये, ब्रिस्टलला ३२ जणींना; तेव्हा ही शाळेत होती. काकांचं मी तिला सांगितलं. "आमच्याकडे आजही एखादं स्थानिक चर्च कायदेशीरपणे बाई नको म्हणू शकतं," म्हणाली आणि कप धुवायला लागली.

साडेपाचला व्हिडिओ कॉल लागला. बाहेर उजाडलं होतं. चित्रात दिसत होत्या त्या फक्त पाठी: धोतर, बनियन, टोप्या, आणि दूरवर लाकडं. मला कळेना, फोन इतक्या लांब का धरलाय. मग पडद्याच्या कडेला हिरव्या बांगड्या दिसल्या. फोन बहिणीच्या हातात होता आणि ती उभी होती बायकांना जिथवर येऊ दिलं होतं तिथे, बाभळीखाली. चुलतभाऊ मडकं घेऊन फिरला ते तिला दिसलं नाही, म्हणून आम्हालाही नाही. नंतर नुसता धूर.

मी मंत्र सुरू केले. दोन ओळींनंतर तो म्हणाला, "मॅडम, अभंग म्हणता का? अण्णा भजनात होते." मला पाठ होता त्यातला जेमतेम एक. बाकीचे त्याने म्हटले, मी मागून टाळ्या धरल्या.

सातला दिवा हलवणं भाग होतं आणि पेटता दिवा बसमध्ये नेता येत नाही. तो शांत करताना त्याचा हात थांबला. मी म्हटलं, "माझ्या घरी दुसरा लावते, दहा दिवस." घरी कणीक होती. देवघराच्या बाजूला, वात दक्षिणेकडे. रात्री नवरा उठून तेल घाली. मी रोज सकाळी आठला त्या मुलाला फोटो पाठवत होते. उत्तरादाखल तो फक्त हात जोडलेली खूण पाठवायचा. महिन्याच्या तक्त्यात मी लिहिलं: शोक, भेटी १.

नवव्या दिवशी साडेआठला त्याचाच मेसेज आला: "मॅडम, तेल संपलं का?"

संपलं नव्हतं. मी उशिरा उठले होते.