ढाण्या

रविवार, रात्रीचे साडेदहा

संध्याकाळी आज्जीला रिक्षातून घरी आणताना कोल्हापुरात मिरजकर तिकटीला गर्दीत अडकलो. समोर वाढदिवसाचा डिजिटल बोर्ड. आज्जीला आता अक्षर दिसत नाही, म्हणून वाचून दाखवलं : 'ढाण्या वाघ'. ती जरा गप्प बसली, मग म्हणाली, "ढाण्या कुठं बगितलाय रं ह्यांनी?"

तेव्हापासून तो शब्द डोक्यातून जात नाही. ढाण्या म्हणजे पट्टेरी वाघ. नुसतं वाघ म्हटलं तर गावाकडं बिबट्याही त्यात येतो, म्हणून हे वेगळं नाव. मोठ्या भीतीतनं केलेली ओळख ती. आता पट्टे गेले, नुसता मान उरला. 1966 मध्ये मुंबईत शिवसेना निघाली, तिचा डरकाळी फोडणारा वाघ गावोगावी भिंतींवर गेला आणि सभा गाजवणारा माणूस वाघ झाला. खासबागेत चितपट कुस्ती केली की वाघ. शर्यतीचा बैल वाघ. बैलाचं मला पटतं, तो सुटतो तेव्हा अंगावर काटा येतो. दहावी सुटलेला आमचा भाचाही वाघच. आणि कोणी माघार घेतली की लगेच 'वाघाची शेळी झाली'. एका म्हणीत मात्र वाघ अजून वाघच आहे : वाघ म्हटलं तरी खातो, वाघोबा म्हटलं तरी खातो.

आज्जीचं माहेर राधानगरीच्या वरच्या अंगाला. दाजीपूरचं अभयारण्य 1958 मध्ये झालं, त्याच्या आधीचं तिचं बालपण. दिवेलागणीनंतर घरात कोणी वाघाचं नावसुद्धा घ्यायचं नाही. 'जनावर आलंय' एवढंच म्हणायचे, तेही हळू. ज्या शब्दाला तोंडात घ्यायला माणसं भीत होती, तो आज आपण प्रेमानं पोरांच्या पाठीवर थोपटतो. मला त्यात वाईट दिसत नाही. फक्त तो कुठून आला, हे भाच्याला एकदा आज्जीच्या तोंडून ऐकवायचं आहे.

जेवताना मीच विचारलं, "आज्जी, तू बघितलास काय ढाण्या?"

"न्हाई. ऐकला," ती म्हणाली. "एकदाच. गोठ्यातली समदी जनावरं एकदम उठून हुबी ऱ्हायली. एक हंबरलं न्हाई. आईनं माझ्या तोंडावर हात ठेवला, त्यो पार उजाडस्तवर काढला न्हाई."